गाडीतलं पिस्तूल आणि वाटेतली राज्यं

प्रश्न थोडक्यात असा आहे. व्हर्जिनियात अ‍ॅशबर्नला राहणारं एक कुटुंब जुलैमध्ये गाडीने मेन राज्यातल्या अकेडिया नॅशनल पार्कला निघालं आहे. प्रश्न विचारणाऱ्या गृहस्थांकडे ग्रीन कार्ड आहे, पिस्तूल लपवून बाळगण्याचं व्हर्जिनियाचं लायसन्स आहे, आणि पिस्तूलही दुकानातून रीतसर घेतलेलं आहे. लग्न ग्रीन कार्ड मिळाल्यानंतर झालं, त्यामुळे पत्नी अजून स्वतःच्या एच-१बी व्हिसावर आहेत. पुण्याहून आलेले आई-वडीलही बरोबर आहेत, व्हिजिटर व्हिसावर. जाताना न्यू जर्सीत एडिसनला मावशीकडे दोन रात्री मुक्काम. "सगळं कायदेशीर आहे, लायसन्स खिशात असेल, मग पिस्तूल गाडीतून बरोबर नेलं तर चालेल ना?"

नाही चालणार. प्रवास जसा आखलाय तसाच करायचा असेल तर पिस्तूल घरी तिजोरीत ठेवून निघा.

मी न्यू जर्सीत वीस वर्षं फौजदारी खटल्यांत आरोपींची बाजू लढवते आहे. शस्त्रांच्या ज्या प्रकरणांनी माझी झोप उडवली, ती बहुतेक साध्या संसारी माणसांची होती. मुलांना मागच्या सीटवर बसवून निघालेली, पोलिसाला "सर" म्हणणारी माणसं. आपण नियमात आहोत असं त्यांना मनापासून वाटत होतं, आणि आपापल्या राज्यात ते नियमात होतेही.

घोळ "लायसन्स" या शब्दापासूनच सुरू होतो. गाडी चालवण्याचं लायसन्स एका राज्याने दिलं तरी ते पन्नास राज्यांत चालतं, म्हणून शस्त्राचंही तसंच असेल असं आपण धरून चालतो. काहींच्या डोक्यात शिवाय भारतातली पद्धत असते. तिथे शस्त्र कायदा एकच, १९५९चा, सगळ्या देशाला लागू. परवान्यावर क्षेत्र लिहिलेलं असतं: जिल्हा, राज्य किंवा संपूर्ण भारत. गावाकडे शेतराखणीला बारा बोअरची बंदूक ठेवणाऱ्या आजोबांना परवाना उघडून स्वतःची हद्द वाचता यायची. इथे ती हद्द प्रत्येक राज्याच्या कायद्यात जाऊन शोधावी लागते. तुमच्या वाटेवरची मेरीलँड, न्यू जर्सी, न्यू यॉर्क, कनेक्टिकट आणि मॅसॅच्युसेट्स ही पाचही राज्यं दुसऱ्या कुठल्याही राज्याचं लायसन्स मानत नाहीत. पोटोमॅक नदी ओलांडून मेरीलँडमध्ये शिरलात की तुमच्या खिशातल्या कार्डाचा अंमल संपला.

जून २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाचा ब्रूएन निकाल आल्यावर "आता सगळीकडे चालतं" असं मला अनेकांनी सांगितलं. त्या निकालाने न्यू यॉर्कची "विशेष कारण दाखवा, तरच लायसन्स देऊ" ही अट रद्द केली. एका राज्याचं लायसन्स दुसऱ्याने मानलंच पाहिजे, असं त्यात कुठेही म्हटलेलं नाही. तसा कायदा करणारं विधेयक डिसेंबर २०१७ मध्ये प्रतिनिधीगृहात मंजूर झालं होतं, पण सिनेटमध्ये ते पुढे सरकलं नाही. फोनवर फिरणारे जुने संदेश बऱ्याचदा त्याच विधेयकाचे असतात.

मग या राज्यांमधून शस्त्र घेऊन जायला काही वाटच नाही का? एक आहे. १९ मे १९८६ रोजी अध्यक्ष रेगन यांनी फायरआर्म ओनर्स प्रोटेक्शन अ‍ॅक्टवर सही केली. त्यातून आलेलं कलम ९२६-ए हे प्रवाशांसाठी आहे. त्याचं सार माझ्या भाषेत सांगते. जिथून निघालात तिथे ते शस्त्र बाळगणं आणि जवळ घेऊन फिरणं तुमच्यासाठी कायदेशीर असलं पाहिजे. जिथे पोहोचायचंय तिथेही ते कायदेशीर असलं पाहिजे. मधल्या वाटेत शस्त्रात गोळी भरलेली नसावी, आणि शस्त्र व गोळ्या दोन्ही गाडीत बसलेल्यांच्या सहज हाताशी नसाव्यात. एवढं पाळलं तर मधल्या राज्यांचा कायदा काहीही म्हणो, तुम्हाला तिथून पार होता येतं.

हा एक अरुंद साकव आहे. दोन्ही टोकं पक्की असतील तरच त्यावर पाय ठेवायचा आणि मध्ये थांबायचं नाही. तुमच्या प्रवासाची दोन्ही टोकं पक्की आहेत. व्हर्जिनियात तुमच्याकडे लायसन्स आहे. मेनमध्ये २०१५ पासून एकवीस वर्षांवरच्या आणि कायद्याने मनाई नसलेल्या माणसाला लायसन्सशिवाय पिस्तूल बाळगता येतं. (याच जागी तुम्ही बॉस्टनला मुलाला कॉलेजात सोडायला निघाला असतात तर पहिलाच पाय घसरला असता. मॅसॅच्युसेट्समध्ये तिथलं लायसन्स नसताना पिस्तूल बाळगता येत नाही. मुक्कामाचं टोकच नाही म्हटल्यावर साकवही नाही. हा घोटाळा मी वारंवार बघते: लोक ट्रंक, कुलूप, रिकामं पिस्तूल सगळं चोख करतात आणि पोहोचायच्या गावाचा कायदा बघायचाच राहतो.)

तुमची अडचण मधल्या दोन रात्रींची आहे.

ग्रेग रेव्हेल नावाच्या युटाच्या एका गृहस्थांचं प्रकरण मी प्रत्येक अशिलाला सांगते. मार्च २००५ मध्ये ते सॉल्ट लेक सिटीहून विमानाने पेनसिल्व्हेनियातल्या अ‍ॅलनटाउनला निघाले होते, वाटेत मिनियापोलिस आणि न्यू जर्सीतलं नेवार्क. पिस्तूल कुलूपबंद पेटीत, चेक-इन केलेल्या सामानात, विमान कंपनीला सांगून दिलेलं. विमानाला उशीर झाला, पुढची जोडणी चुकली. नंतर प्रवास बसने करायचा ठरला, पण सामान बसमध्ये आलं नाही. ते शोधायला रेव्हेल उतरले आणि बसही गेली. शेवटी सामान हातात आलं आणि रात्र त्यांनी नेवार्कमधल्या हॉटेलात काढली. सकाळी विमानतळावर परत जाऊन त्यांनी प्रामाणिकपणे सांगितलं की सामानात पिस्तूल आहे. तिथेच अटक. कित्येक दिवस तुरुंगात. पुढे आरोप मागे घेतले गेले, म्हणून त्यांनी विमानतळ चालवणाऱ्या पोर्ट ऑथॉरिटीवर दावा लावला. २०१० मध्ये थर्ड सर्किटच्या, म्हणजे न्यू जर्सी ज्याच्या हद्दीत येते त्या केंद्रीय अपील कोर्टाने निकाल त्यांच्या विरुद्ध दिला. ही अडचण त्यांच्यावर त्यांची काही चूक नसताना ओढवली, हे कोर्टाला दिसत होतं. पण हॉटेलातल्या त्या रात्री बॅग त्यांच्या हाताशी होती, म्हणजे शस्त्रही हाताशी होतं, म्हणून कलम ९२६-एचं संरक्षण त्या रात्रीपुरतं तुटलं, असं कोर्टाने ठरवलं.

रेव्हेल नाइलाजाने एक रात्र अडकले होते. तुम्ही ठरवून दोन रात्री राहणार आहात, बॅगा घरात नेणार आहात, मावशी पुरणपोळ्या करणार आहेत. यातल्या कशालाच "प्रवासात असणं" म्हणता येणार नाही. न्यू जर्सीच्या स्वतःच्या कायद्यात पिस्तूल नेण्याच्या काही सवलती आहेत: घर बदलताना, नेमबाजीच्या रेंजवर जाताना, शिकारीला जाताना. नातेवाइकांकडे मुक्काम त्या यादीत नाही. न्यू जर्सीत परवान्याशिवाय पिस्तूल बाळगणं हा सेकंड डिग्रीचा गुन्हा आहे, पाच ते दहा वर्षांचा. त्यावर ग्रेव्हज अ‍ॅक्ट लागू होतो आणि किमान बेचाळीस महिने पॅरोलशिवाय आत काढावे लागतात. तुमचा पूर्वेतिहास कितीही स्वच्छ असला तरी न्यायाधीशाच्या हातात फारसं काही उरत नाही.

शानीन अ‍ॅलन यांचं नाव तुम्ही ऐकलं असेल. फिलाडेल्फियाच्या या तरुण आईकडे पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स होतं. ऑक्टोबर २०१३ मध्ये न्यू जर्सीतल्या अटलांटिक काउंटीत लेन बदलण्याच्या किरकोळ कारणावरून त्यांची गाडी थांबवली गेली. त्यांनी स्वतःहून पोलिसाला सांगितलं की माझ्याकडे पिस्तूल आहे आणि हे लायसन्स. त्या एका वाक्यावर त्यांच्यापुढे साडेतीन वर्षांचा तुरुंग उभा राहिला. प्रकरण देशभर गाजलं. सप्टेंबर २०१४ मध्ये न्यू जर्सीच्या अ‍ॅटर्नी जनरलनी सरकारी वकिलांसाठी सूचना काढल्या, की परराज्यातला, लायसन्सवाला, निव्वळ गैरसमजातून सापडलेला माणूस असेल तर साधारणपणे तुरुंगाचा आग्रह धरू नये. एप्रिल २०१५ मध्ये गव्हर्नर ख्रिस ख्रिस्टी यांनी अ‍ॅलन यांना माफी दिली. त्या सूचनांचा मला माझ्या कामात खरोखर उपयोग झाला आहे. पण सूचना आणि माफी या अटकेनंतरच्या गोष्टी आहेत. अटक, जामीन, वकिलाचा खर्च आणि महिनोन्‌महिने टांगलेली तलवार यांतून त्या सोडवत नाहीत. २०२२ मध्ये बृहन्महाराष्ट्र मंडळाचं अधिवेशन अटलांटिक सिटीला झालं, तेव्हा पेनसिल्व्हेनियाहून, व्हर्जिनियाहून किती कुटुंबं त्याच रस्त्यांनी आली असतील, या विचाराने मी तेव्हा ओळखीच्या प्रत्येकाला हेच सांगत होते.

तुम्ही न विचारलेली, पण मला सर्वांत गंभीर वाटणारी बाब आता सांगते. ती गाडीतल्या बाकीच्या माणसांची आहे.

अमेरिकेच्या केंद्रीय कायद्यानुसार, कलम ९२२(जी)(५), नॉन-इमिग्रंट व्हिसावर असलेल्या माणसाला बंदूक किंवा गोळी बाळगण्याची मनाई आहे. एच-१बी, एच-४, एल-१, एफ-१, व्हिजिटरचा बी-२, सगळे यात आले. ही तरतूद १९९८ मधली. अपवाद मोजके आहेत. त्यातला नेहमी वापरला जाणारा म्हणजे एखाद्या राज्याचं वैध शिकारीचं लायसन्स. ग्रीन कार्ड असलेल्यांना ही मनाई नाही, म्हणून तुम्ही स्वतः मोकळे आहात. तुमच्या पत्नी नाहीत. तुमचे आई-वडील नाहीत. २०२२ पासून या गुन्ह्याची कमाल शिक्षा पंधरा वर्षांची आहे, त्याआधी दहा होती.

"पण पिस्तूल तर माझं आहे." बरोबर. कायदा मात्र मालकी बघत नाही, ताबा बघतो. हातात धरणं हा ताबा आहेच, पण शस्त्र कुठे आहे हे ठाऊक असणं आणि त्यावर हुकूमत चालवता येणं हाही ताबाच. गाडी पत्नी चालवताहेत, पेटीची किल्ली त्यांच्या पर्समध्ये आहे आणि तुम्ही मागे झोपलाय, असं चित्र डोळ्यापुढे आणा. त्या क्षणी ताबा कोणाचा, हे सरकारी वकील तुमच्या सोयीने ठरवणार नाही. न्यू यॉर्कचा कायदा याच्याही पुढे जातो. गाडीत बंदूक सापडली तर गाडीत बसलेल्या सगळ्यांचाच तिच्यावर ताबा होता असं तिथे गृहीत धरता येतं. न्यू जर्सीतही असंच गृहीतक आहे. दोन्हीकडे त्याला अपवाद आहेत, ते खोडूनही काढता येतं, पण ते खोडून काढण्याचं काम कोर्टात होतं. सत्तरीतल्या वडिलांना त्या रात्री पोलिस ठाण्यात बसवल्यावर त्याचा काय उपयोग?

हमीद रेहैफ यांचं प्रकरण या संदर्भात माहीत असावं. संयुक्त अरब अमिरातीतून एफ-१ व्हिसावर आलेला हा विद्यार्थी. फ्लोरिडातल्या एका विद्यापीठाने त्याला काढून टाकलं, तिथे त्याचं कायदेशीर वास्तव्य संपलं. नंतर तो एका शूटिंग रेंजवर गेला आणि तिथल्या बंदुकीने त्याने नेम धरला. तेवढ्यावर त्याच्यावर केंद्रीय गुन्हा दाखल झाला. जून २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलं की आपण मनाई असलेल्या गटात मोडतो हे आरोपीला ठाऊक होतं, असं सरकारला सिद्ध करावं लागेल. आरोपींच्या दृष्टीने हा महत्त्वाचा निकाल. पण रेंजवर हातात घेतलेली भाड्याची बंदूकही "ताबा" ठरू शकते, हा त्यातला धडा आपल्या मुलांना कोणी सांगत नाही. वीकेंडला ऑफिसच्या मित्रांबरोबर रेंजवर जाणारी, फोटो टाकणारी किती तरी मुलं एच-१बीवर असतात. पुण्याहून आलेल्या बाबांना "एकदा चालवून बघा" म्हणत रेंजवर नेणारे जावईही मी पाहिले आहेत. कृपा करून नेऊ नका.

आणि तुम्ही स्वतः. ग्रीन कार्ड म्हणजे नागरिकत्व नव्हे. इमिग्रेशन कायद्याप्रमाणे शस्त्राबाबतचा कुठलाही कायदा मोडून बंदूक बाळगल्याची शिक्षा झाली तर ते हद्दपारीचं कारण ठरतं, मग तुम्ही इथे वीस वर्षं का राहत असेनात. यात आणखी एक खाच आहे. राज्याच्या कोर्टात बऱ्याचदा तडजोड होते: गुन्हा कबूल करा, एक-दोन वर्षं नीट वागा, मग आम्ही नोंद पुसून टाकू. अमेरिकन नागरिकाला हे सोयीचं असतं. इमिग्रेशनच्या नजरेत मात्र गुन्ह्याची कबुली आणि त्यावर कोर्टाने घातलेलं कुठलंही बंधन, या दोन गोष्टी झाल्या की ती शिक्षाच. राज्याने नंतर पाटी कोरी केली तरी तिकडची पाटी भरलेलीच राहते. २०१० च्या पडिला निकालापासून फौजदारी वकिलाने बिगर-नागरिक अशिलाला हा धोका सांगणं बंधनकारक आहे. तरीही कुणी घाईत असलेला वकील "मोठं काही नाही, सही करा" म्हणाला, तर सही करण्याआधी इमिग्रेशनच्या वकिलाला फोन करा. सही झाल्यावर माझ्याकडे आलेल्या एका गृहस्थांचं प्रकरण मी हरले होते. गणपतीला नातेवाइकांकडे आले होते, ग्लव्ह बॉक्समध्ये पिस्तूल विसरून राहिलं होतं. त्यांच्या मुलीचं दहावीचं वर्ष होतं. ती केस मी विसरले नाही.

आता समजा तुम्ही एडिसनचा मुक्काम रद्द केला, आई-वडील आणि पत्नी विमानाने गेले, आणि तुम्हाला एकट्याला गाडीने पिस्तूल घेऊन मेनला जायचंच आहे. मग ते कसं करावं, हे सांगते.

रस्ता आधी ठरवा. अ‍ॅशबर्न ते अकेडियाशेजारचं बार हार्बर हा साडेसातशे मैलांच्या आसपासचा, बारा-तेरा तासांचा रस्ता आहे. आय-९५ ने गेलात तर मेरीलँड, डेलावेअर, न्यू जर्सी, न्यू यॉर्क सगळं लागतं. मी असते तर आय-८१ धरून पेनसिल्व्हेनियात वर गेले असते आणि स्क्रॅन्टनहून आय-८४ घेतला असता. न्यू जर्सी टळते, न्यू यॉर्क शहर टळतं. मेरीलँडचा लहानसा पट्टा, न्यू यॉर्क राज्याचा दक्षिण भाग, कनेक्टिकट आणि मॅसॅच्युसेट्स उरतात. रात्र काढायचीच असेल तर पेनसिल्व्हेनियात काढा, किंवा थेट न्यू हॅम्पशायर गाठून पोर्ट्समथला थांबा. तिथे २०१७ पासून लायसन्सची गरज नाही. मधला पट्टा एका दमात पार करा. पेट्रोल, बाथरूम, सँडविच एवढ्यासाठी थांबलात तर कोणी समंजस माणूस त्याला प्रवास तुटणं म्हणणार नाही. मित्राला भेटायला, मॉलमध्ये, मॅनहॅटनमध्ये "दोन तास" असं थांबू नका.

आता पेटी. सेडान असेल तर पिस्तूल रिकामं करून, मॅगझिन (पिस्तुलात गोळ्या भरायचा खोका) काढून, कुलूपबंद पेटीत ट्रंकमध्ये. गोळ्या वेगळ्या कुलूपबंद डब्यात, त्याही ट्रंकमध्येच. आपल्याकडे मात्र सिएना, ओडिसी, हायलँडर यांचा भरणा. या गाड्यांना स्वतंत्र ट्रंक नसते, मागचा भाग बसायच्या जागेशी जोडलेला असतो. अशा गाडीसाठी कायद्याने कुलूपबंद पेटी सक्तीची केली आहे आणि ग्लव्ह बॉक्स किंवा मधला कन्सोल ही "पेटी" धरली जात नाही, त्याला कुलूप असलं तरी. कापडी बॅगेची चेन ओढून बारीक कुलूप लावलेलं पोलिसाला पटवत बसायची वेळ येऊ देऊ नका. कडक कवचाची पेटी घ्या, सगळ्यात मागे, सामानाच्या खाली ठेवा. मॅगझिनमध्ये गोळ्या भरून ठेवू नका. पिस्तूल रिकामं असलं तरी शेजारी भरलेलं मॅगझिन असेल, तर काही राज्यांच्या कायद्यात ते भरलेल्या पिस्तुलासारखंच धरलं जाऊ शकतं.

मॅगझिनवरून आठवलं. न्यू जर्सी, न्यू यॉर्क, कनेक्टिकट आणि मॅसॅच्युसेट्स या राज्यांत दहापेक्षा जास्त गोळ्यांच्या मॅगझिनवर निर्बंध आहेत. तुमच्या पिस्तुलाबरोबर दुकानातून पंधरा किंवा सतरा गोळ्यांचं मॅगझिन आलं असण्याची दाट शक्यता आहे. कलम ९२६-ए शस्त्राबद्दल बोलतं. त्यात मॅगझिन हा शब्दच नाही. न्यू जर्सीत हॉलो पॉइंट, म्हणजे टोकाशी पोकळ असलेल्या गोळीचाही वेगळा गुन्हा आहे, आणि स्वसंरक्षणासाठी दुकानदार सगळीकडे तीच गोळी सुचवतात. या निर्बंधांवर कोर्टात लढाया सुरू आहेत. त्या लढणाऱ्यांना लढू द्या. तुम्ही दहा गोळ्यांचं मॅगझिन आणि साध्या गोळ्या घेऊन जा.

पोलिसाने गाडी थांबवली तर? दोन्ही हात स्टिअरिंगवर, खिडकी खाली, घाई नाही. शस्त्र आहे हे आपणहून सांगायचं की नाही, हे प्रत्येक राज्यात वेगळं आहे. मेनमध्ये लायसन्सशिवाय पिस्तूल अंगावर बाळगत असाल तर लगेच सांगणं बंधनकारक आहे. मधल्या राज्यांत, पिस्तूल मागे कुलपात असताना, मी अशिलांना विषय स्वतः काढू नका असं सांगते. विचारलं तर खोटं मात्र कधीच बोलायचं नाही. एकच वाक्य: "रिकामं पिस्तूल मागे कुलपात आहे, मी व्हर्जिनियाहून मेनला चाललोय, या राज्यात मुक्काम नाही." मग थांबायचं. आपली माणसं इथे थांबत नाहीत. गप्प बसणं आपल्याला उद्धटपणा वाटतो, म्हणून आपण खुलासा करत जातो: घरफोडी झाली होती म्हणून घेतलं, बायकोलाही माहीत आहे, परवाच रेंजवर नेलं होतं. यातलं प्रत्येक वाक्य अहवालात जातं, आणि "बायकोलाही माहीत आहे" हे वाक्य एच-१बीवरच्या बायकोच्या विरुद्ध जातं. गाडी तपासू का, असं विचारलं तर नम्रपणे सांगा की माझी संमती नाही. पोलिस तरीही तपासतील कदाचित, अडवू नका. संमती दिली नाही एवढी नोंद राहिली तर माझ्यासारखीला कोर्टात उभं राहायला जागा मिळते. मेनमधल्या हॉटेलच्या बुकिंगची छापील प्रत बरोबर ठेवा, म्हणजे प्रवासाचं दुसरं टोक कागदावर दिसेल.

हेही ध्यानात असू द्या की कलम ९२६-ए बऱ्याचदा अटक रोखत नाही. ते अटकेनंतर मांडायचा बचाव म्हणून कामाला येतं. सेकंड आणि थर्ड या दोन्ही सर्किटच्या अपील कोर्टांनी ठरवलं आहे की पोलिसांनी हे कलम पाळलं नाही म्हणून नागरी हक्कांच्या कायद्याखाली त्यांच्यावर दावा लावता येत नाही. म्हणजे चूक पोलिसाची असली तरी भरपाई मिळणं कठीण.

मेनला पोहोचल्यावरही दोन जागी ठेच लागते. राज्यभर लायसन्सची गरज नसली तरी अकेडिया नॅशनल पार्कात पिस्तूल लपवून बाळगायला परवाना लागतो. लायसन्समुक्तीच्या कायद्यातून ती जागा वगळलेली आहे. तुम्ही नेमके तिथेच निघालाय. पार्काच्या व्हिजिटर सेंटरसारख्या सरकारी इमारतींत केंद्रीय कायद्याने मनाई आहे, मग परवाना कुणाचाही असो. पोस्ट ऑफिसातही नाही. दुसरी ठेच शाळेची. केंद्रीय कायद्यानुसार शाळेपासून हजार फुटांच्या आत बंदूक बाळगता येत नाही. त्याला सवलत मिळते ती ज्या राज्यात ती शाळा आहे त्याच राज्याचं लायसन्स असेल तर. मेनमध्ये लायसन्सशिवाय चालतं म्हणून तुम्ही ते काढलेलं नसणार, आणि मग ही सवलतही तुम्हाला नसणार. बार हार्बरसारख्या छोट्या गावात हजार फूट चुकवत फिरणं अवघड आहे. पिस्तूल रिकामं आणि कुलपात असेल तर मात्र हा गुन्हा होत नाही. म्हणजे सुट्टीचे चारही दिवस ते बहुतेक पेटीतच राहणार. हे सगळं ऐकल्यावर माझे बरेचसे अशील स्वतःहूनच म्हणतात, मग नेऊन करू काय?

शेवटी एक पर्याय तुमच्या मनात येईल, कारण तो प्रत्येकाच्या मनात येतो: जाताना पिस्तूल कुणा जवळच्या माणसाकडे ठेवावं, येताना घ्यावं. एडिसनच्या मावसभावाकडे ठेवाल तर तो न्यू जर्सीचा रहिवासी. एका राज्यातल्या माणसाने दुसऱ्या राज्यातल्या माणसाला परस्पर बंदूक सोपवणं केंद्रीय कायद्याने गुन्हा आहे, आणि न्यू जर्सीत पिस्तूल स्वीकारायला त्याला आधी तिथला परवाना काढावा लागतो. पेनसिल्व्हेनियातल्या मित्राकडे ठेवण्यातही राज्यसीमेची तीच अडचण. अ‍ॅशबर्नलाच शेजाऱ्याकडे द्याल तर तो एच-१बीवर नाही ना, हे विचारावं लागेल. घरात नीट बोल्ट केलेली तिजोरी असेल तर तिच्यातच ठेवा आणि तिचा आकडा घरात राहणाऱ्या एच-१बीवरच्या माणसालाही माहीत नसू द्या. तिजोरी नसेल तर लायसन्स असलेल्या स्थानिक शस्त्र विक्रेत्याला फोन करून विचारा. त्यांच्यापैकी काही जण थोड्या शुल्कावर रीतसर नोंद करून शस्त्र सांभाळून ठेवतात. निघायच्या आदल्या दिवशी ठेवा, पावती घ्या, आणि एडिसनला मावशीकडे दोन रात्री निवांत राहा.